उशीला मारलेली मिठी

मंगळवार, ११ मार्च. सकाळपासून ढगाळ. नळाला पाणी उशिरा आलं. पेपरवाल्याने पुन्हा दुसऱ्याचाच पेपर टाकला. वरच्या मजल्यावरची बिट्टी आज दुपारी तिचं राहिलेलं सामान न्यायला येणार आहे. ती येऊन जाईपर्यंत तिची आई माझ्याकडे बसेल. गुडघा बरा.

एवढं सकाळीच लिहून ठेवलं, कारण संध्याकाळी काही लिहायला सुचेल याची खात्री नव्हती. 'तिची आई' हा शब्द बिट्टीने वाचला असता तर मला खोडायला लावला असता. पण दुसरा कुठला लिहायचा हे मलाही इतक्या वर्षांत सापडलेलं नाही.

इमारतीत तिला सगळे आवाजवाली म्हणतात. हे नाव आमच्या ह्यांनी ठेवलं. ती लग्न होऊन वर राहायला आली तेव्हा हे होते. "वर आवाजवाली आलीय म्हणे," हे म्हणाले, "पण खुर्ची सरकवल्याचासुद्धा आवाज येत नाही." खरंच येत नसे. तिचा धंदाच तसा होता. परभाषेतले सिनेमे आपल्या भाषेत येतात, त्यांतल्या बायकांना ती आवाज देते. पडद्यावरची बाई ओठ हलवते, शब्द हिचे. कामाला जाताना ती बांगड्या घालत नाही की कडक इस्त्रीचे कपडे घालत नाही, कारण माइकला सगळी सळसळ ऐकू येते. सकाळी एक सफरचंद खाऊन जाते, म्हणजे तोंडात चिकट आवाज येत नाहीत. ती सवय घरातही मुरलेली. भांडं ठेवायचं तर खाली फडकं, दार लावायचं तर हाताने धरून.

दारं आपटायचं काम बिट्टीकडे होतं.

बिट्टी तिच्या नवऱ्याची पहिल्या बायकोपासूनची मुलगी. नवऱ्याचं चौकात चष्म्याचं दुकान आहे, म्हणून ते चष्मेवाले. सज्जन माणूस, पण बोलायला कंजूष. गिऱ्हाइकाला 'हे दिसतंय? आणि आता?' एवढं विचारून त्यांचे दिवसाचे शब्द संपत असावेत. पहिली बायको दुखण्याने गेली तेव्हा बिट्टी सात वर्षांची होती. दोनेक वर्षांनी त्यांनी आवाजवालीशी लग्न केलं. तिचं ते पहिलंच, लोकांनी आशा सोडल्यावर झालेलं. नवरा हवा म्हणून त्याची मुलगी पदरात घेणाऱ्या बायका मी पाहिल्या आहेत. हिचं उलट असावं असा मला पहिल्यापासून संशय आहे. तिला मुलगी हवी होती, आणि चष्मेवाले तिच्याबरोबर आले.

"आई म्हणायला नकोच काकू," ती मला म्हणायची. "नावाने हाक मारू दे. मावशी म्हणू दे. अगं ए म्हटलं तरी चालेल. पण काहीतरी म्हणू दे."

बिट्टी काहीच म्हणत नसे. भांडत नसे, उलट बोलत नसे. स्वयंपाकघरात येऊन उभी राहायची आणि समोर जे असेल त्याच्याकडे बघून बोलायची. "दूध संपलंय." "शाळेत बोलावलंय." आवाजवाली हसून सांगायची, "काकू, आमचा फ्रिज फार भाग्यवान आहे. दिवसातून चार वेळा त्याच्याशी बोलते ती."

दुपारी काम नसलं की ती माझ्याकडे यायची आणि तिने आवाज दिलेले सिनेमे आम्ही बघायचो. सावत्र आईची कामं तिच्याकडे फार येत. आवाज गोड, पण जरा दमलेला, म्हणून असेल. माझ्या लहानपणी सिनेमातली सावत्र आई ओळखायला सोपी होती. कमरेला किल्ल्यांचा जुडगा, एक भुवई वर, आणि पोराच्या ताटात शिळं. आम्ही पोरी खुर्चीत बसल्या बसल्या तिच्या नावाने बोटं मोडत असू. आता त्या बाईची सिनेमावाल्यांना लाज वाटू लागली आहे. नव्या सिनेमातली सावत्र आई चांगली असते, नुसती धांदरट असते. पहिल्याच सकाळी ती नाश्ता जाळते. मूल तिच्या तोंडावर दार लावून घेतं. मग मुलाला ताप येतो, नाही तर ते हरवतं, आणि ही शोधते. सावत्र बाप असला तर सायकल शिकवतो. शेवटी मिठी, आणि एका लांब टेबलाशी सगळी जण हसत जेवतात. सख्खी आई जिवंत असली तर तीसुद्धा त्या टेबलाशी बसते आणि ताटल्या पुढे करते.

"एवढं सोपं असतं होय?" मी विचारलं होतं.

"दोन तासांत बसवायचं असतं ना काकू."

ती ज्या ठिकाणी काम करते तिथे आवाज टिपणारा एक जुना माणूस आहे. त्याला सगळे कान म्हणतात. या सिनेमांची धाटणी इतकी सारखी, की कानने प्रसंगांना नावंच पाडली होती. सकाळी ती पोचली की तो विचारायचा, "वहिनी, आज काय? टोस्ट, दार, ताप, की मिठी?" मिठी असली की ती उशी मागून घ्यायची. मिठीत बोललेला आवाज दबलेला यायला हवा, म्हणून ती उशी छातीशी घट्ट धरून, हनुवटी तिच्यात रुतवून बोलायची. 'मी कुठे जात नाही गं राणी. इथेच आहे.' काचेच्या त्या छोट्या खोलीत दुसरं कुणी नसायचं. मुलीचा आवाज देणारी पोर वेगळ्या दिवशी येऊन आपली वाक्यं बोलून जायची. दोघींची कधी गाठसुद्धा पडत नसे. ही मिठी कानने नंतर जुळवायची.

एकदा ती सकाळीच खाली आली, डोळे लाल. मला वाटलं, भांडण झालं. "काकू," म्हणाली, "आज मी टोस्ट जाळला."

"मग? खरवडून खायचा."

"मुद्दाम जाळला."

मला आधी हसू आलं. सिनेमात टोस्ट जळतो, धूर होतो, मुलगी फिस्सकन हसते आणि तिथून बर्फ वितळायला लागतो. म्हणून हिने कोळसा होईपर्यंत वाट पाहिली आणि 'अगं बाई, जळलं की गं!' असं उत्तम आवाजात म्हणाली. बिट्टीने सुरीने काळं खरवडलं, टोस्ट खाल्ला, ताटली धुऊन ठेवली आणि दप्तर घेऊन गेली.

"जेवणाला नाव न ठेवणारी मुलगी आहे," मी म्हटलं. "देवाचे आभार मान."

"नाव ठेवलं असतं तर मी आभार मानले असते," ती म्हणाली.

ताप पण येऊन गेला. बिट्टी अकरा-बारा वर्षांची असताना चांगली फणफणली. आवाजवाली कपाळावर ओल्या पट्ट्या ठेवत बसून राहिली. पोर ग्लानीत काही पुटपुटली तसा हिने कान जवळ नेला. बिट्टी म्हणाली, "बाबांना बोलवा."

चष्मेवाल्यांना विचारलं की ते म्हणत, "होईल हळूहळू. नव्या चष्म्यालासुद्धा वेळ लागतो."

आता त्या गोष्टीबद्दल.

बिट्टीची आई हॉस्पिटलमध्ये होती तेव्हा तिने मुलीसाठी फोनवर एक गोष्ट बोलून ठेवली होती. झोपताना ऐकायला. एका लाल ठिपक्यांच्या छत्रीची गोष्ट. ती बसमध्ये विसरते आणि डेपोतल्या हरवलेल्या वस्तूंच्या कपाटात जाऊन पडते. तिथे एक हातमोजा असतो, तो आपल्या जोडीदारासाठी झुरत असतो. एक डबा असतो, त्याला स्वतःचाच वास सहन होत नाही. एक कवळी असते, ती सगळ्यांना हसत असते. रोज कपाट उघडतं, कुणी ना कुणी आपल्या घरी जातं, छत्री राहते. मग एक दिवस खिडकीशी कुणीतरी विचारतं, "लाल ठिपक्यांची छत्री आहे का हो?" कारकून उठतो, कपाट उघडतो, आणि बघतो तर काय! इथे ती बाई थांबते, खोकते, पलीकडे ट्रॉलीची चाकं वाजतात. "बास आता, नर्स आली. उरलेली उद्या, बरं का."

उद्या ती बोलू शकली नाही.

बिट्टी ती गोष्ट ऐकत मोठी झाली. आवाजवाली भिंतीपलीकडून ऐकत राहिली. आधी आधी तिला ते जड जायचं. मग तिच्यातली कामाची सवय जागी झाली. त्या बाईचं बोलणं तिला पाठ झालं. गंमत सांगण्याआधी ती कुठे थांबते, दम लागला की शब्दाचं शेपूट कसं गळतं, 'बरं का' म्हणताना आवाज कसा एक पायरी खाली उतरतो. "काकू, तिच्याशी माझी ओळखच झालीय," ती म्हणायची. "एका घरात राहतो आम्ही."

बिट्टीचा सतरावा वाढदिवस जवळ आला होता. त्या सुमाराला आवाजवालीकडे एक सिनेमा आला. त्यात मेलेल्या आईने मुलीसाठी विणायला घेतलेला स्वेटर एका बाहीचा राहिलेला असतो. सावत्र आई विणायला शिकते, तीच लोकर शोधून आणते आणि दुसरी बाही पुरी करते. मुलगी तो अंगात घालते, बाहीवरून हात फिरवते आणि तिच्या गळ्यात पडते. तो सिनेमा ती माझ्याकडे घेऊन आली. शेवटी मी रडले, खोटं कशाला सांगू. माझ्याही घरात ह्यांचा अर्धा राहिलेला शब्दकोड्यांचा अंक पडून आहे.

सिनेमा संपल्यावर ती म्हणाली, "काकू, मी ती गोष्ट पुरी करणार आहे."

"कुठली?"

"छत्रीची. तिच्या आवाजात."

मी टीव्ही बंद केला. "नको."

"तुम्ही ऐकून तर घ्या. कानला सांगून हॉस्पिटलातल्या पंख्याची घरघरसुद्धा टाकून घेतलीय." तिने फोन माझ्यासमोर धरला. काम झालेलंच होतं. ती नुसती सांगायला आली होती.

मी ऐकलं. बिट्टीची आई जिन्यात मला भेटायची, 'काकू, भाजी आणू का तुमची?' विचारायची, तीच बोलत होती. कान तर तिला म्हणाला होता, "वहिनी, आता तिच्या सख्ख्या आईलाही कळायचं नाही." तो कौतुकानेच म्हणाला होता.

गोष्टीचा शेवट तिने असा केला होता. खिडकीशी उभी असते ती छत्रीची मालकीण नसतेच. ती दुसरीच एक बाई असते, जिची स्वतःची छत्री कधी नव्हतीच. छत्री आधी उघडायला तयार होत नाही. बाहेर पाऊस असतो. मग ती हळूच उघडते. 'ती काही तिची नव्हती, पण त्या दिवसापासून दोघींपैकी कुणी भिजलं नाही. बरं का.'

"शेवट बदल," मी म्हटलं. "निदान शेवट तरी. मालकीणच येऊ दे."

"का?"

"अगं, हे तुझं झालं. तिचं नाही."

तिला खरंच कळत नव्हतं. ज्या कामात ती आयुष्यभर होती तिथे याच शेवटावर लोक डोळे पुसत होते. "काकू, शेवट असाच असतो," ती म्हणाली. "आणि मी सांगणारच आहे ना तिला, की मी बोललेय म्हणून. स्वेटरवालीने सांगितलं तसं. लपवायचंय थोडंच?"

"ठेवून दे," मी म्हटलं. "अपुरी आहे, अपुरी राहू दे."

"तुम्ही ना काकू, सिनेमा बघता आणि विश्वास ठेवत नाही," ती हसून म्हणाली आणि फोन पिशवीत टाकून गेली.

वाढदिवसाच्या दुपारी तिने मला वर बोलावलं, धीराला कुणीतरी हवं म्हणून. चष्मेवाले दुकानात होते. टेबलावर केक, बाजूला नव्या पुस्तकांचा गठ्ठा. बिट्टी कॉलेजातून आली, मला वाकून नमस्कार केला, केकचं टोक खाल्लं. आवाजवालीने फोन आणि हेडफोन तिच्यापुढे ठेवले. "हे ऐक," म्हणाली. पुढचं सगळं वाक्य तिने तयार केलेलं होतं, ते तोंडातच राहिलं. आवाजावर पोट भरणारी बाई, आणि तिचा घसा ऐन वेळी बसला.

बिट्टीने हेडफोन लावले. आधी तिला जुनीच गोष्ट वाटली, म्हणून कपाळाला आठी पडली. मग नर्स आली नाही, आणि गोष्ट पुढे चालू लागली. मी त्या मुलीचा चेहरा विसरू शकत नाही. सतरा वर्षांची घोडी ती, माझ्या डोळ्यांदेखत सात वर्षांची झाली. तोंड किंचित उघडं, एक पाय दुसऱ्या पायावर. मध्ये खुदकन हसली. मग डोळ्यांतून पाणी यायला लागलं आणि ते तिने पुसलंही नाही. संपल्यावर तिने हेडफोन काढले आणि आजवर कधी बघितलं नव्हतं तसं आवाजवालीच्या तोंडाकडे सरळ बघितलं.

"कुठे सापडलं हे?" ती म्हणाली. "तू शोधलंस?"

तू. आवाजवालीने माझा हात दाबला. बिट्टी खुर्ची ढकलून उठली, आली आणि तिच्या गळ्यात पडली. पाखरू येऊन खिडकीवर आदळावं तशी. "आईने तुझ्याबद्दलच सांगितलंय गं," ती रडत म्हणाली. "तिला माहीत होतं. कुणीतरी येईल, हे तिला माहीत होतं."

आवाजवालीचे हात अधांतरी होते. उशीची सवय. मग तिने तिला धरलं. मला वाटलं, आता ही बोलणार नाही. देवा, हिला बोलू देऊ नकोस, असंही मला क्षणभर वाटलं. पण ती खोटं बोलणारी नव्हती आणि सिनेमातही त्या बाईने सांगितलेलं होतं. तिने पोरीच्या केसांवर तोंड ठेवून सांगितलं, "सापडलं नाही राणी. मी बोलले. तुझ्यासाठी पुरी केली."

बिट्टी बाजूला झाली. मग तिने फोन उचलला आणि गोष्ट पहिल्यापासून लावली, हेडफोनशिवाय. थोडी ऐकून थांबवली. पुन्हा लावली.

"कुठून तुमची आहे?" तिने विचारलं.

"नर्स येते ना, तिथून..."

"इथे नर्स येतच नाही."

"ते काढलं. जोड कळू नये म्हणून."

बिट्टीने पुन्हा लावली. मग आपल्या फोनमधली जुनी लावली. मग ही. मग ती. 'बरं का.' 'बरं का.' त्या खोलीत मेलेली बाई आणि जिवंत बाई एकाच आवाजात पाळीपाळीने बोलत होत्या आणि जिवंत बाई तिथेच तोंड मिटून उभी होती.

"मला कळत नाहीये," बिट्टी म्हणाली. आवाज चढला नव्हता. "आता जुनी लावली तरी तुम्हीच ऐकू येताय. कुठली आई आणि कुठल्या तुम्ही, मला काही कळत नाहीये."

"बिट्टी, अगं..."

"उरलेली उद्या होती," ती म्हणाली. "मी रोज झोपताना वेगळा शेवट करायचे. रोज. आणि तुम्ही आईच्या तोंडून स्वतःलाच सर्टिफिकेट दिलंत."

मग ती तिच्या खोलीत गेली. दार आपटलं.

चष्मेवाले आले तेव्हा केक तसाच होता. बायकोला ते एवढंच म्हणाले, "मला विचारायचं तरी." विचारलं असतं तरी ते 'बघ बुवा' म्हणाले असते, हे आम्हा तिघांनाही ठाऊक होतं. वर्ष संपताच बिट्टी बाहेरगावी शिकायला गेली. सुट्टीत आली तर मावशीकडे उतरायची आणि बापाला दुकानात भेटायची. जुनी गोष्ट तिने फोनमधून काढून टाकली, असं चष्मेवाल्यांनी मला एकदा चष्म्याचा नंबर तपासताना सांगितलं. "ऐकवत नाही म्हणाली. आणि मलाही ऐकवत नाही," असं म्हणून त्यांनी माझ्या डोळ्यांपुढे पुढची काच सरकवली.

आवाजवालीने त्यानंतर पुष्कळ चिठ्ठ्या लिहिल्या, फाडल्या. फोन केले, ते उचलले गेले नाहीत. मी एकदा म्हटलं, लांबून का होईना, पोर नीट आहे ना. ती म्हणाली, "काकू, तिची आई एकदा गेली होती. मी तिला परत मारली."

आता बिट्टीला नोकरी लागली आहे, दूरच्या शहरात. तिने बापाला कळवलं, पुस्तकं आणि आईचं शिलाई मशीन न्यायला येते, तेव्हा घरी कुणी नको. जवळची जादा किल्ली खालच्या आजींकडे देऊन जाईन. आजी म्हणजे मी. म्हणून आज आवाजवाली माझ्या दिवाणावर होती. मी चहा केला. डोक्यावर पावलं वाजायला लागली तशी ती छताकडे बघत सांगू लागली. "कपाट उघडलं. आता पुस्तकं काढतेय. ते मशीन ओढलं, बघा. टेम्पोवाल्याला म्हणावं फरशीवर ओढू नको, पाय मोडेल त्याचा." बोलता बोलता तिने माझी उशी मांडीवर घेतली होती आणि घट्ट धरली होती. तिला ते कळलेलंही नव्हतं.

"किल्ली द्यायला इथे येईल ना?" तिने विचारलं.

"येईल की."

"मी आत जाऊन बसू?"

"बस इथेच. तुला कुणी पडद्यात बसवलंय का?"

"तिला वाटेल मी मुद्दाम बसलेय." पण उठली नाही. दुसऱ्या हाताने केस सारखे केले. त्या हाताकडे बघून माझ्या लक्षात आलं, की ही अजून वाट बघतेय. एवढं होऊन, इतकी वर्षं जाऊन, तिच्या मनात तो सिनेमा चालूच होता. अजून शेवट यायचाय, असं तिला वाटत होतं.

बेल वाजली. तिचा हात बाजूच्या कपाला लागला आणि चहा उशीवर सांडला.

बिट्टी दारात उभी होती. मोठी झाली आहे, केस आखूड केले आहेत, डोळ्यांवर बापाच्या दुकानातला चष्मा. मला वाकून नमस्कार करताना तिला माझ्यामागे दिवाणावर कोण आहे ते दिसलं. किल्ली माझ्या हातात देऊन म्हणाली, "आजी, जपा स्वतःला."

"तूही जप. आत ये, चहा घे."

"टेम्पो थांबलाय."

तेवढ्यात मागून आवाजवाली म्हणाली, "जपून जा गं."

साधं वाक्य, तिच्या स्वतःच्या आवाजात. पण बिट्टीने डोळे गच्च मिटून घेतले. मग डोळे न उघडता मला म्हणाली, "आजी, त्यांना सांगाल? माझ्याशी बोलू नका म्हणावं. मी रागावलेली नाही आता. पण त्या काहीही बोलल्या तरी मला आई बोलल्यासारखं होतं, आणि मग आई बोलत नाहीये हे पुन्हा कळतं."

डोळे आलेलं माणूस 'दिवा लावू नका' म्हणतं, तसं म्हणाली. विनवून. मी मान हलवली. मग मागे वळून बघितलं. आवाजवालीने उशीत तोंड खुपसलं होतं, बोलू नये म्हणून की रडू ऐकू जाऊ नये म्हणून, ते मला माहीत नाही.

जाताना बिट्टीने माझं दार हाताने धरून, मुळीच आवाज न करता लावलं. आपटलं असतं तर बरं वाटलं असतं.

टेम्पो सुरू होऊन वळणापर्यंत गेल्याचं ऐकू आलं. बऱ्याच वेळाने आवाजवालीने तोंड वर केलं. "काकू, तुमची उशी खराब केली."

"असू दे. धुते मी."

"उद्या लवकर जायचंय," ती उठत म्हणाली. "नवीन सिनेमा आहे. सावत्र आईच."

"शेवटी काय होतं?" मी विचारलं. तिला पायरी चढण्याआधी काहीतरी बोलतं ठेवायचं म्हणून विचारलं.

"काय होणार? मिठी." घसा साफ करून ती वर गेली. वर गेल्यावर खुर्ची सरकवल्याचासुद्धा आवाज आला नाही.

त्याच पानावर खाली लिहिलं आहे ते असं. वरच्यांची जादा किल्ली आली, दारामागच्या खिळ्याला लावली. दिवाणावरच्या उशीचा अभ्रा चहा सांडल्याने धुतला, ढगाळ हवेमुळे वाळलेला नाही.